जिव्हाळी सांभाळून: कुत्र्याची नखे घरी कापताना

राजवाडा उभा राहण्याआधीचे इंदूर पाहायचे तर खान आणि सरस्वती नद्यांच्या काठी जावे लागते. रावजी बाजार, हाथीपाला, चंद्रभागा, शनिमंदिराचा परिसर, हीच जुनी इंदूर. इथल्या गल्लीतल्या कुत्र्याची नखे कुणी कापत नाही आणि ती कापावीही लागत नाहीत. दिवसभर सिमेंटच्या रस्त्यावर धावून, ओट्यांच्या दगडी पायऱ्या चढून-उतरून, माती उकरून ती आपोआप झिजतात. त्याच गल्लीत दुसऱ्या मजल्यावर राहणाऱ्या लॅब्राडोरची गोष्ट वेगळी आहे. तो सकाळी दहा मिनिटे आणि रात्री दहा मिनिटे खाली उतरतो. बाकी सारा दिवस गुळगुळीत टाइल्सवर किंवा सोफ्यावर जातो. त्याची नखे वाढत राहतात, त्यांना घासायला मात्र काही मिळत नाही.

नखे वाढल्याचे आधी कानाला कळते. कुत्रा फरशीवरून चालताना टकटक आवाज येऊ लागला की कटर काढायची वेळ झाली. डोळ्यांनी खात्री करायची असेल तर त्याला सपाट फरशीवर सरळ उभे करावे आणि बाजूने वाकून पाहावे. नखाचे टोक जमिनीला टेकता कामा नये. बहुतेक घरगुती कुत्र्यांना तीन-चार आठवड्यांनी एकदा कापणी लागते. खडबडीत मैदानावर रोज तासभर पळणाऱ्याला ती उशिरा लागते, म्हाताऱ्या आणि लहानखुऱ्या कुत्र्यांना लवकर.

दुर्लक्ष केले तर काय होते? लांब नख जमिनीला टेकले की प्रत्येक पावलाला बोट मागे रेटले जाते. ते टाळण्यासाठी कुत्रा वजन मागच्या बाजूला टाकून उभा राहू लागतो, बोटे फाकतात, टाइल्सवर पाय घसरतो. सांधे दुखणाऱ्या म्हाताऱ्या कुत्र्याला तर साधे उठून उभे राहणे जड जाते. वाढलेले नख गालिच्यात, पायपुसण्यात किंवा जाळीत अडकून मुळापासून उचकटते आणि ती जखम फार वेदनादायक असते. सर्वांत वाईट अवस्था होते ती पुढच्या पायाच्या आतल्या बाजूला, थोड्या उंचीवर असलेल्या नखाची. ते जमिनीला लागतच नाही, म्हणून झिजत नाही. ते गोल वळत जाते आणि अखेर स्वतःच्याच मांसात रुतते. केसाळ कुत्र्यात हे केसांखाली दडलेले राहते आणि पू होऊन लंगडेपण आले की मगच घरच्यांच्या लक्षात येते.

म्हणून आधी मोजून घ्यावे. बहुतेक कुत्र्यांना अठरा नखे असतात: पुढच्या पायांना पाच-पाच, मागच्यांना चार-चार. काहींना मागच्या पायालाही ते वरचे नख असते. केस बाजूला सारून बोटाने चाचपावे आणि अठरा भरतात का ते पाहावे.

होळकरांचे कुलदैवत खंडोबा. त्याच्या टाकावर घोड्यासोबत कुत्राही असतो आणि दत्ताच्या तसबिरीतही पायाशी चार कुत्रे बसलेले असतात. इंदूरच्या मराठी घरांत कुत्रा असा देवघरापर्यंत पोहोचलेला आहे. तरीही नखे कापायची म्हटली की तेच घर गडबडून जाते. एकजण मान धरतो, दुसरा पाय ओढतो, तिसरा कटर चालवतो, कुत्रा किंचाळतो, आणि पुढच्या वेळी कटरची डबी उघडल्याचा आवाज आला तरी पलंगाखाली शिरतो. या भीतीचे मूळ बहुधा एकाच चुकीत असते: सगळी नखे एकाच बैठकीत संपवायची घाई. ती सोडली तर निम्मे काम सोपे होते. अठरा नखे अठरा दिवसांत कापली तरी कुत्र्याचे काही बिघडत नाही. एकदा धरून-बांधून, रडवून कापली तर मात्र पुढची कित्येक वर्षे तो कुत्रा पंजाला हात लावू देत नाही. नखे किती छोटी झाली यापेक्षा पुढच्या वेळी तो पाय स्वतःहून देतो का, हे जास्त मोलाचे आहे.

नखाच्या आत काय असते ते नीट कळले तर कापणाऱ्याचा हात कापत नाही. बाहेरचे कवच केराटिनचे, निर्जीव. ते कापताना काही दुखत नाही. पेन्सिलीत शिसे असावे तशी त्याच्या आत जिव्हाळी असते. तिच्यात रक्तवाहिनी आणि मज्जातंतू दोन्ही असतात, म्हणून ती कापली गेली की रक्तही येते आणि कळही जाते. पांढऱ्या नखात ती गुलाबी दिसते. उजेडात पंजा धरला की गुलाबी रंग कुठे संपतो ते स्पष्ट कळते आणि त्याच्या दोन मिलिमीटर अलीकडेच कटर लावायचा असतो.

खरी पंचाईत काळ्या नखांची. जर्मन शेफर्ड, रॉटवायलर, काळे लॅब्राडोर आणि आपली बरीच गावठी कुत्री या प्रकारातली. त्यांच्या नखात बाहेरून काहीच दिसत नाही. इथे एकच रीत चालते: अगदी पातळ चकत्या, एका वेळी मिलिमीटरभर, आणि प्रत्येक चकतीनंतर कापलेल्या टोकाकडे समोरून पाहणे. पहिल्या चकतीनंतर तिथे कोरडा, भुरकट, खडूसारखा पृष्ठभाग दिसतो. पुढच्या एक-दोन चकत्यांतही तेच. मग मध्यभागी एक गोल ठिपका उमटू लागतो. तो भोवतालच्या भागापेक्षा गडद, किंचित ओलसर आणि गुळगुळीत असतो. तो दिसला की थांबायचे. जिव्हाळी त्याच्या लगेच मागे असते. आणखी एक खूण नखाच्या खालच्या बाजूला सापडते. टोकाकडे नख खालून पोकळ, पन्हाळीसारखे असते. मुळाकडे ते भरीव होते. पोकळ भाग निर्धास्त कापावा, भरीव भागाला हात लावू नये.

नखे फार वाढू दिली की जिव्हाळीही पुढे सरकते. अशा कुत्र्याची नखे एकदम आखूड करता येत नाहीत आणि तसा प्रयत्नही करू नये. दर आठवड्याला टोकाचा थोडा थोडा भाग कापत किंवा घासत राहिले की जिव्हाळी हळूहळू मागे हटते. काही आठवड्यांत फरक दिसू लागतो, पूर्ण नीट व्हायला काही महिने लागू शकतात.

याच संदर्भात मुधोळ हाउंडची आठवण होते. मुधोळच्या घोरपडे राजांनी जोपासलेली ही शिकारी जात. भारतीय टपाल खात्याने २००५ साली देशी कुत्र्यांवर काढलेल्या चार तिकिटांत ती होती. महाराष्ट्रात हिचेच भाऊबंद कारवान म्हणून ओळखले जातात. ही कुत्री उघड्या माळावर मैलोनमैल पळण्यासाठी घडलेली आहेत आणि तिथे त्यांच्या नखांची काळजी कुणाला करावी लागली नाही. आता शहरात फ्लॅटमध्ये ही जात हौसेने पाळली जाते, तेव्हा तिच्या लांब बोटांची नखे चटकन वळतात. जात कुठलीही असो, ती कोणत्या जमिनीवर राहते यावर कटर किती वेळा लागणार हे ठरते.

हत्याराबद्दल काटकसर करू नये. माणसाचा नेलकटर अगदी लहान पिलापुरता चालतो. मोठ्या कुत्र्याचे गोल, जाड नख त्यात चपटे होऊन चिरते. पाळीव प्राण्यांच्या दुकानात दोन प्रकार मिळतात. एकात नख गोल भोकात घालून पाते सरकते; तो लहान-मध्यम कुत्र्यांना बरा. दुसरा पकडीसारखा, दोन वळलेल्या पात्यांचा. मोठ्या कुत्र्याच्या जाड नखाला हाच घ्यावा. नवख्याने सरळ दुसराच घेतला तरी हरकत नाही, कारण पाते नेमके कुठे बसते आहे ते त्यात दिसते. पाते बोथट झाले की ते कापण्याआधी नख चेपते आणि जिव्हाळी शाबूत असूनही कुत्र्याला दुखते. चांगल्या कटरचा आवाज ‘टक’ असा एकदाच येतो. कुरकुर करत, दोनदा दाबून कापावे लागले तर पाते बदलायला झाले.

तिसरा प्रकार विजेच्या किंवा बॅटरीच्या घासणीचा. काळ्या नखांना ही फार उपयोगी, कारण कण-कण कमी करता येते. मात्र फिरत्या टोकाने नख तापते, म्हणून एका जागी दोन-तीन सेकंदांपेक्षा जास्त टेकवू नये. पंजाचे लांब केस त्यात गुंडाळले जातात. ते आधी कापावेत किंवा हाताने मागे धरावेत. आवाजाची सवय लावायला काही दिवस घासणी नुसती चालू ठेवून लांब ठेवावी आणि कुत्र्याला खाऊ द्यावा.

कटर विकत आणला त्याच दिवशी वापरू नये. पहिले काही दिवस फक्त पंजा हातात घ्यावा, सोडावा, खाऊ द्यावा. मग एकेक बोट हलकेच दाबून नख पुढे येऊ द्यावे, खाऊ द्यावा. मग कटर पंजाजवळ आणावा, नखाला नुसता टेकवावा, हवेत ‘टक’ वाजवावा. प्रत्येक पायरीला खाऊ. कुत्र्याने पाय मागे घेतला तर ओढून धरू नये, एक पायरी मागे यावे. पिलू दीड-दोन महिन्यांचे घरी आले त्याच आठवड्यात पंजाला हात लावायची ही सवय सुरू केली तर पुढे सारी उमर त्रास होत नाही. मोठ्या, आधीच घाबरलेल्या कुत्र्याला याला महिना-दोन महिने लागतील. तो वेळ द्यावाच.

खाऊ म्हणजे उकडलेल्या चिकनचे किंवा पनीरचे अगदी लहान तुकडे, बिनमिठाचे. इंदुरात सकाळच्या पोह्यांतला घास कुत्र्याला सहज दिला जातो. तो देऊ नये. पोह्यांतला कांदा कुत्र्याच्या रक्तातल्या तांबड्या पेशींना घातक असतो आणि वरून पडणारी शेवही त्याच्या कामाची नाही. चाटायला पीनट बटर द्यायचे असेल तर डब्यावर झायलिटॉल हा गोडवा नाही ना ते वाचून घ्यावे. तो कुत्र्याला विषासारखा आहे.

शनिवारी नखे कापू नयेत, तिन्हीसांजेला तर मुळीच नाही, ही शिस्त मराठी घरांत अजून आहे आणि शनिमंदिराजवळ राहणाऱ्यांना ती अधिकच परिचयाची. शनिवारचे ज्याने त्याने ठरवावे. तिन्हीसांजेचा नियम मात्र कुत्र्याच्या बाबतीत जरूर पाळावा, कारण जिव्हाळी दिसायला लख्ख उजेड लागतो. जुन्या वाड्यांच्या आतल्या खोल्या दिवसाही काळोख्या असतात. तिथे बसण्यापेक्षा गच्ची, अंगण किंवा खिडकीखालची जागा गाठावी, किंवा डोक्याला बांधायची बॅटरी वापरावी. कुत्रा फिरून, दमून आलेला असताना किंवा अंघोळीनंतर नखे मऊ असताना काम हलके जाते. दिवाळीचे फटाके किंवा रंगपंचमीच्या गेर मिरवणुकीचे ढोल-ताशे चालू असताना कटर काढूच नये.

प्रत्यक्ष कापताना कुत्र्याखाली जुनी सतरंजी किंवा रबरी चटई घालावी. पाय घसरला की तो आधी घाबरतो. मोठा कुत्रा कुशीवर आडवा असेल तर उत्तम. पाय त्याच्या नेहमीच्या हालचालीच्या दिशेनेच, थोडासाच उचलावा. बाजूला ओढलेला पाय खांद्यात आणि कंबरेत दुखतो, आणि नखांमुळे कुत्रा झटापट करतो असे आपल्याला वाटते. अंगठा वरून आणि बोट खालून लावून एक बोट स्थिर करावे. नख जिथे खाली वळायला लागते त्याच्या पुढे, तळपायाच्या गादीच्या पातळीला साधारण समांतर असा कटर लावावा. पाते कुठे आहे ते पाहावे, मग एका झटक्यात दाबावे. घरात दुसरे कुणी असेल तर त्याने मान आवळण्याऐवजी समोर बसून खाऊ देत राहावे. पगसारख्या चपट्या तोंडाच्या कुत्र्याची मान तर धरूच नये. धडपडीत त्याचा श्वास अडकतो आणि माळव्याच्या मे महिन्यात तो जिवावर बेतू शकतो. चावण्याचा स्वभाव असेल तर जाळीचे मुसके घालावे, ज्यात तोंड उघडून धापा टाकता येतात. चिंधीने तोंड घट्ट बांधू नये.

कटर पाहताच थरथरणाऱ्यांसाठी एक वेगळी युक्ती आहे. लाकडी फळीवर खरखरीत पॉलिशपेपर चिकटवावा (इंदूरच्या हार्डवेअरच्या दुकानात रेगमाल म्हणून मागावा) आणि कुत्र्याला त्यावर पुढचे पंजे खरवडायला शिकवावे. फळीखाली खाऊ दाबून धरला की बहुतेक कुत्री आपणहून उकरू लागतात. पुढची नखे अशी छान झिजतात. मागच्या पायांना आणि त्या वरच्या नखाला याचा उपयोग नाही, ती कापावीच लागतात.

इतकी काळजी घेऊनही कधीतरी जिव्हाळी कापली जाते. पशुवैद्यांच्या हातूनही जाते. रक्त पाहून ओरडू नये. कुत्र्याला जखमेपेक्षा घरच्यांच्या आरड्याची भीती जास्त वाटते. रक्त थांबवण्याची तयार पूड औषधाच्या दुकानात मिळते, ती कापायला बसण्याआधीच जवळ उघडून ठेवावी. ती नसेल तर कॉर्नफ्लोअर चालते. चिमूटभर पूड नखाच्या टोकावर दाबून दोन ते पाच मिनिटे न उचलता धरावी. दर दहा सेकंदांनी उचलून पाहिले की धरलेली खपली निघते. न्हावी वापरतात ती तुरटी बारीक करून लावली तरी रक्त आवळते, पण चुरचुरते, म्हणून ती शेवटचा उपाय. हळदीवर आपला विश्वास फार; मात्र वाहते रक्त थांबवायला दाबच लागतो, हळदीने तो मिळत नाही. जंतुनाशक पाण्यात न मिसळता ओतू नये. दुखते म्हणून माणसाच्या गोळ्या तर कधीच देऊ नयेत. आयबुप्रोफेन आणि पॅरासिटामॉल कुत्र्याला अपाय करतात.

दाबून धरूनही पंधरा-वीस मिनिटांत रक्त थांबले नाही तर प्रश्न नखाचा नसू शकतो. आपल्याकडे कुत्र्यांत गोचीड ताप सर्रास आढळतो. तपकिरी गोचिडीतून एर्लिकिया हा जंतू रक्तात जातो आणि रक्त गोठवणाऱ्या प्लेटलेट कमी होतात. अशा कुत्र्यात जिव्हाळीची छोटी चीरही बराच वेळ गळत राहते. अंगावर गोचिड्या, मंदावलेली भूक, सुस्ती, पोटाच्या कातडीवर बारीक लाल ठिपके किंवा नाकातून रक्त, यांपैकी काही दिसत असेल तर नखे बाजूला ठेवून आधी रक्ततपासणी करून घ्यावी. उंदराचे विष खाल्लेल्या कुत्र्यातही रक्त असेच थांबत नाही. तिथे तासाचाही विलंब परवडत नाही.

झटापटीत माणसाला ओरखडा किंवा दात लागला तर जखम वाहत्या पाण्याखाली साबणाने पंधरा मिनिटे धुवावी आणि त्याच दिवशी डॉक्टरांना दाखवावी. घरचाच कुत्रा आहे, लस दिलेली आहे, म्हणून हे टाळू नये. रेबीजची लक्षणे एकदा दिसू लागली की हाती काही उरत नाही. सरकारी दवाखान्यांत माणसाला द्यायची रेबीजची लस विनामूल्य मिळते. इंदुरात हुकुमचंद पॉलिक्लिनिक, लोकांच्या तोंडचे लाल अस्पताल, त्यासाठी सर्वांना माहीत आहे.

काही नखांना घरी हात लावू नये. मांसात रुतलेले, उभे चिरलेले किंवा अर्धवट तुटून लोंबणारे नख डॉक्टरांनीच काढावे. भूल द्यावी लागते. एकामागून एक नखे सुटू लागली तर तो बहुधा शरीराच्या प्रतिकारशक्तीचा आजार असतो. मोठ्या, काळ्या रंगाच्या, वयस्क कुत्र्याच्या एकाच बोटाला सूज आली आणि ती उतरत नसेल तर नख लागले असेल म्हणून सोडून देऊ नये. अशा कुत्र्यांत नखाच्या मुळाशी कर्करोग होण्याचा धोका अधिक असतो. आणि जो कुत्रा कितीही सवय लावली तरी भीतीने बेभान होतो, त्याच्यासाठी आधी द्यायचे शांत करणारे औषध डॉक्टर लिहून देतात. घरातली झोपेची गोळी मात्र स्वतःच्या मनाने देऊ नये.

जुनी इंदूरपासून वीस-पंचवीस किलोमीटरवर महूला १९५५ पासूनचे पशुवैद्यकीय महाविद्यालय आहे आणि शहरातही खासगी दवाखाने भरपूर आहेत. रेबीजच्या लसीसाठी वर्षातून एकदा तिकडे जावेच लागते. त्या दिवशी घरचा कटर सोबत न्यावा. पहिले नख डॉक्टरांना कापायला सांगावे, ते नीट पाहावे, आणि दुसरे त्यांच्या समोर स्वतः कापावे. बाकीची सोळा घरी येऊन, सवडीने.